जिन्यावरून पडलेले पाव्हणे

आमच्या घरात ‘पाव्हणे’ म्हटलं की दोन प्रकारची माणसं येतात. एक म्हणजे दारात चपला काढून आत येणारं कुणीही. आणि दुसरे म्हणजे कुंगफूच्या जुन्या पिक्चरमधले एक नट. हे कधी नायक नव्हते आणि मुख्य खलनायकही नव्हते. खलनायकाच्या डाव्या हाताला उभे राहायचे, भुवया नाचवायचे, नायकाच्या अंगावर सगळ्यांत आधी धावून जायचे आणि सगळ्यांत आधी मार खायचे. पिक्चरमध्ये यायचे, दोन घटका थांबायचे, भरपूर पाहुणचार घ्यायचे आणि निघून जायचे. म्हणून आप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, त्यांचं नाव पाव्हणे ठेवलं. खरं नाव आम्हाला माहीत नव्हतं. पडद्यावर नावांची पाटी यायची ती चिनी अक्षरांत, आणि ती वाचणारं आख्ख्या दिंडोरी तालुक्यात कुणी नव्हतं.

आप्पा तेव्हा फिरत्या टॉकीजवर मशीन चालवायचे. यात्रा असेल तिथे तंबू लागायचा. मशीन ट्रकच्या मागच्या भागात असायचं आणि तिथूनच उजेडाचा झोत पडद्यावर जायचा. मी नऊ-दहा वर्षांची होते. वणीची चैत्रातली यात्रा माझ्या परीक्षा संपता संपता यायची, मग आई मला आप्पांबरोबर पाठवून द्यायची. मी ट्रकमध्ये, रिळांच्या पत्र्याच्या पेटीवर बसून पिक्चर बघायचे. एकच पिक्चर दिवसातून तीनदा, आठवडाभर.

हे कराटेचे पिक्चर (सगळे त्यांना कराटेचेच म्हणायचे) इंग्रजीत यायचे. मारामारी कळायला भाषा लागत नाही, पण मारामारीच्या मधे लोक बोलायचे, आणि ते बोलायला लागले की तंबूत गडबड सुरू व्हायची. कुणी शेंगा मागायचं, कुणी शिट्ट्या मारायचं. एकदा तर पडद्यावर चप्पल आली. मालक घाबरून ट्रकपाशी धावत आले. तेव्हा आप्पांनी जाहिरातीचा माइक उचलला आणि मशीनवर एक डोळा ठेवून बोलायला सुरुवात केली.

“मंडळी, शांत बसा. हा जो टोपीवाला हाय ना, यानं त्या म्हाताऱ्याची जमीन लाटलीय. आणि हे पोरगं म्हाताऱ्याचं. आता हे डोंगरावर जाऊन विद्या शिकणार. पण त्याच्याआधी मार खाणार, बरं का!”

आप्पांनाही इंग्रजीचा एक शब्द कळत नव्हता. चेहरे बघून ते गोष्ट रचायचे. पण तंबू चिडीचूप झाला. त्या दिवसापासून मालकांनी फर्मानच काढलं की कराटेचा पिक्चर असेल तर माइक पाहिजेच. लोक मग पिक्चरपेक्षा आप्पांना ऐकायला यायला लागले. आणि आप्पांच्या गोष्टीत सगळ्यांत लाडका कोण, तर पाव्हणे. ते पडद्यावर आले की आप्पा म्हणायचे, “या पाव्हणे, बसा, काय घेणार? लाथ घेणार का बुक्की?” आणि तंबू नुसता डोक्यावर घ्यायचे लोक. नायकाला कधी तेवढ्या शिट्ट्या मिळाल्या नाहीत.

पुढे घरोघरी टीव्ही आले, तंबू बंद झाला. आप्पांनी दिंडोरीत मोटारी दुरुस्त करायला घेतल्या, शेतीपंपाच्या. मी शिकले, नाशिकला एका शाळेत इंग्रजी शिकवायला लागले, आणि आता आई-आप्पा माझ्याकडेच राहतात. पाव्हण्यांचा विषय अधूनमधून निघायचा, हसू यायचं आणि मिटायचा.

गेल्या वर्षी आप्पांच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. डोळे लख्ख झाल्यावर त्यांना काही तरी बघायला पाहिजे म्हणून मी माझा जुना फोन त्यांना दिला आणि त्यात व्हिडिओ कसे शोधायचे ते शिकवलं. तोंडाने बोललं की फोन शोधतो, हे कळल्यावर तर त्यांना पंख फुटले. एका रविवारी सकाळी मी कणीक मळत होते. बाहेरच्या खोलीतून हाक आली.

“अगं ए! पळ! पाव्हणे सापडले!”

मी तशीच, पिठाच्या हातांनी धावले. आप्पा खुर्चीच्या टोकावर बसले होते, फोन नाकाला लावल्यासारखा धरून. पडद्यावर एक खानावळ होती, बाकडी मोडत होती, आणि त्या मोडणाऱ्या बाकड्यांच्या मधोमध तोच माणूस होता. तीच नाचणारी भुवई, तेच दोन दातांमधलं अंतर. मला एकदम रिळांच्या पेटीचा तापलेला पत्रा पायाला लागल्यासारखं वाटलं. मी जमिनीवर बसकण मारली आणि आम्ही दोघांनी तो पिक्चर शेवटपर्यंत बघितला. आईने स्वयंपाकघरातून दोनदा विचारलं, पोळ्या कोण करणार? मग तिनेच केल्या.

त्या दिवसापासून आमच्या घराला वेडच लागलं म्हणा. मी शाळेतून आले की चहा, आणि चहाबरोबर एक पिक्चर. शंभरपानी वही केली. पिक्चरची खरी नावं आम्हाला लक्षात राहायची नाहीत, म्हणून आप्पा स्वतःची नावं द्यायचे. बांबूच्या पुलाचा. खानावळीचा. आंधळ्या मास्तरांचा. प्रत्येकापुढे मी लिहायचे की पाव्हणे कोण झालेत, किती वेळ दिसतात आणि शेवटी त्यांचं काय होतं. शेवटच्या रकान्यात बहुतेक ठिकाणी ‘मेले’ असंच होतं.

पण पिक्चर सालाप्रमाणे लावले तसं एका माणसाचं अख्खं आयुष्य वहीत उलगडायला लागलं. सुरुवातीला ते सैनिकांच्या तिसऱ्या रांगेत दिसतात, कोवळे, गाल बसलेले, आणि लढाई सुरू व्हायच्या आधीच बाण लागून मरतात. मग दोन-तीन वर्षं खानावळीतले वेटर, हमाल, दरोडेखोर. मग एका पिक्चरमध्ये खलनायक त्यांच्याकडे वळून काही तरी विचारतो आणि पाव्हणे उत्तर देतात. पहिलं वाक्य! आप्पांनी टाळ्या वाजवल्या. मी ते वाक्य इंग्रजीतून मराठीत सांगितलं: “तो पश्चिमेकडे गेला, मालक.” आप्पा म्हणाले, “एवढंच? मी तंबूत त्यांच्या तोंडी यापेक्षा लय भारी घातलं असतं.” मग ते खलनायकाचे उजवे हात होतात. मग एका पिक्चरमध्ये मास्तरांचे आचारी, चांगल्या बाजूने, आणि मास्तरांना वाचवताना मरतात. तो बघून आप्पा बराच वेळ चष्मा पुसत बसले. मग दाढी येते, पोट येतं, भूमिका लहान होत जातात, आणि एका पोलीस चौकीत टेबलामागे बसलेले दिसल्यावर ते कुठेच दिसत नाहीत.

या सगळ्यात एका पिक्चरवरून आमचं कडाक्याचं भांडण व्हायचं. तो म्हणजे जिन्याचा पिक्चर. वणीला सगळ्यांत जास्त चाललेला. त्यात एका उंच बुरुजाला बाहेरून दगडी जिना आहे. वरच्या पायरीवर पाव्हणे नायकाला धक्का देतात आणि नायक तिथून खालपर्यंत गडगडत येतो. धक्क्यानंतर दृश्य एकदाच बदलतं, मग पडताना कुठे कापाकापी नाही, एका दमात सगळ्या पायऱ्या. तंबूत तेव्हा बायका डोळे झाकायच्या. आणि आप्पा दर खेळाला माइकवर सांगायचे, “मंडळी, फसू नका! धक्का देणारे बी पाव्हणे आणि पडणारे बी पाव्हणेच! नायक बाजूला उभा राहून चहा पितोय!” लोक हसायचे. मीही हसायचे. मला वाटायचं, आप्पांची ही नेहमीचीच गंमत.

आता इतक्या वर्षांनी तोच जिना फोनवर बघताना आप्पा पुन्हा तेच म्हणाले.

“आप्पा, तोंड तर दिसत नाही. तुम्ही कशावरून म्हणता?”

“तोंडाचं काय करायचंय? हात बघ. सगळी दुनिया उजव्या अंगावर पडती. पाव्हणे डावा हात आधी आपटतात, मग डावा खांदा. खानावळीत तसंच, पुलावर तसंच. आणि जिन्यावर बघ.”

मी बघितलं. डावा हात आधी पडत होता. पण मी शाळामास्तरीण, मला पुरावा लागतो. मी म्हटलं, योगायोग असेल. आप्पांनी माझ्याकडे असं बघितलं, जणू मी गणितात नापास झालेय.

त्या पिक्चरखाली लोकांच्या प्रतिक्रिया होत्या, जगभरातून आलेल्या, सगळ्या नायकाबद्दल. मला काय वाटलं कोण जाणे, मी इंग्रजीत चार ओळी लिहिल्या. की आमच्या गावाकडच्या यात्रेत हा पिक्चर दाखवला जायचा, माझे वडील मशीनवर असायचे, आणि आमच्या लोकांचा लाडका माणूस नायक नव्हता, धक्का देणारा होता. त्याचं नाव कुणाला माहीत आहे का? लिहिलं आणि विसरले.

तीन आठवड्यांनी मधल्या सुट्टीत फोन बघितला तर उत्तर आलेलं. “तुम्ही ज्यांच्याबद्दल लिहिलंय ते माझे वडील आहेत. ते हयात आहेत. मी त्यांना तुमचा मजकूर वाचून दाखवला तेव्हा त्यांनी तो तीनदा वाचायला लावला. तुमची यात्रा नेमकी कुठे आहे?”

मी शिक्षकांच्या खोलीत मोठ्याने ओरडले. खरंच ओरडले. बाकीच्यांना वाटलं घरी काही झालं. पुढचा तास मी कसा घेतला मला आठवत नाही. घरी जाऊन आप्पांना सांगितलं. ते उठले, खिडकीपाशी गेले, परत आले आणि म्हणाले, “म्हणजे ते मेलेच नाय अजून?”

“नाही आप्पा.”

“एवढ्या वेळा मारलं तरी?”

आणि मग आम्ही दोघं इतके हसलो की आईला पाणी आणावं लागलं.

त्यांच्या मुलीशी माझं लिहिणं सुरू झालं. तिने वडिलांचं खरं नावही कळवलं, पण ते आमच्या जिभेवर बसेना, आमच्यासाठी ते पाव्हणेच राहिले. तीही शिक्षिका निघाली, लहान मुलांना शिकवणारी. एका शनिवारी संध्याकाळी पाच वाजता व्हिडिओवर बोलायचं ठरलं. आप्पांनी सकाळीच दाढी केली. लग्नातला सदरा काढला, टोपी घातली, काढली, पुन्हा घातली. आईने विचारलं, “मुलगी बघायला येणारेत का?” पण तीही नवी साडी नेसून मागच्या खुर्चीवर येऊन बसली होती.

पडद्यावर एक बारीक चणीचे, पांढऱ्या केसांचे गृहस्थ आले. अंगात साधा स्वेटर. क्षणभर मी ओळखलंच नाही. मग त्यांनी डावी भुवई नाचवली. आप्पांनी दोन्ही हात जोडले आणि त्यांच्या तोंडून आपोआप निघालं, “या पाव्हणे, बसा!”

बोलणं असं चालायचं: आप्पा मराठीत, मी इंग्रजीत, त्यांची मुलगी त्यांच्या भाषेत. मग तोच प्रवास उलटा. पहिल्या पाच मिनिटांत आम्ही दोघी घामाघूम झालो, कारण दोन्ही म्हाताऱ्यांना दम नव्हता.

पाव्हण्यांनी आपली हकीकत सांगितली. सातव्या वर्षी त्यांना आईने नाटकमंडळीच्या शाळेत घातलं. तिथे दिवस उजाडायच्या आधी भिंतीला पाय लावून हातांवर उभं राहायचं. लढायला नंतर शिकवलं, आधी वर्षभर फक्त पडायला. नाटकांना लोक येईनासे झाले तेव्हा ते स्टुडिओत गेले. कधीकधी सकाळी एका पिक्चरमध्ये मरायचं, कपडे बदलायचे आणि दुपारी शेजारच्या सेटवर दुसऱ्यात मरायचं. एकदा त्यांना नायक करून पिक्चर सुरूही झाला. दहा दिवस काम चाललं. मग लोकांना तलवारींऐवजी बंदुकीचे पिक्चर आवडायला लागले आणि तो तिथेच थांबला.

“वाईट वाटलं का?” मी विचारलं.

मुलीने त्यांचं उत्तर सांगितलं. “म्हणतात, वाईट वाटायला वेळ कुठे होता? दुसऱ्या दिवशी सकाळी मला पुलावरून पडायचं होतं.”

शेवटी शेवटी ते नव्या मुलांना पडायला शिकवायचे. गुडघ्यांनी साथ सोडली तेव्हा थांबले.

इतका वेळ आप्पा माझ्या कोपराला ढोसत होते. “विचार. जिन्याचं विचार.” मला संकोच वाटत होता. एवढ्या मोठ्या कलावंताला कसलं खुळचट विचारायचं? पण आप्पा ऐकेनात. शेवटी मी म्हटलं, “माफ करा, माझ्या वडिलांचं एक म्हणणं आहे. जिन्याच्या पिक्चरमध्ये धक्का तुम्ही देता. पण ते म्हणतात, नायकाच्या कपड्यात खाली पडणारेही तुम्हीच आहात.”

मुलगी हसली. “नाही, नाही. ते पडणं त्या नायकाचं सगळ्यांत प्रसिद्ध. त्याच्यावर लेख आलेत.” आणि हसत हसतच तिने वडिलांना सांगितलं.

म्हातारा हळूहळू पुढे वाकला, इतका की पडद्यावर नुसते डोळे दिसायला लागले. मग एकच छोटं वाक्य बोलला. मुलीने ते लगेच सांगितलं नाही. ती त्यांच्याकडे वळली, काही तरी विचारलं, त्यांनी मान हलवली, तिने पुन्हा विचारलं.

“काय म्हणाले?” आप्पा मला विचारत होते. “काय म्हणाले गं?”

मुलगी आमच्याकडे वळली. तिचा आवाज बदलला होता. “ते विचारतात, यांना कुणी सांगितलं?”

मी आप्पांना सांगितलं. आप्पा खुर्चीवरून उठूनच उभे राहिले. “कोण सांगणार? मी मशीनवर होतो ना! आठवड्यात एकवीस वेळा बघितलंय, सगळ्या तंबूला सांगितलंय! डावा हात, त्यांना म्हणावं, डावा हात आधी!”

मग सगळं बाहेर आलं. नायकाचा पाय आदल्या दिवशी मुरगळला होता. पाव्हण्यांचा उजवा खांदा फार पूर्वी एका पडण्यात निखळला होता, तेव्हापासून ते डाव्या अंगावरच पडायचे. त्यांनी नायकाचे कपडे चढवले, वर गेले आणि एकदाच पडले. स्टुडिओने बजावलं, हे कुणाला सांगायचं नाही. त्यांनी शब्द दिला. नायक वारला, स्टुडिओ बंद पडला, तरी त्यांनी शब्द पाळला. बायकोला नाही, मुलीला नाही, कुणालाच सांगितलं नाही.

“मलाही आत्ताच कळतंय,” मुलगी म्हणाली. ती रडत होती आणि हसतही होती. “भारतातल्या एका तंबूत सगळ्या लोकांना माहीत होतं, आणि मला नव्हतं!”

आप्पांनी त्यांना सांगितलं की माइकवरून ते हे रोज जाहीर करायचे. म्हातारा मांडी थोपटत हसत सुटला. मग अचानक उठला, खुर्ची मागे सारली, गालिचावर उभा राहिला. मुलगी ओरडली. तोवर तो खाली गेलाही होता, अगदी सावकाश, पाण्यात बुडावं तसा. आधी डावा हात, थप्प, मग डावा खांदा. आणि एक पाय वर. आई माझ्या मागून म्हणाली, “अगं बाई, उचला त्यांना!” पण ते स्वतःच उठले, स्वेटर झटकला आणि वाकून नमस्कार केला.

त्यानंतर आप्पांना घरात चैन पडेना. एवढं मोठं खरं ठरलं आणि ते ऐकायला माणसंच नाहीत! “ज्यांना मी सांगितलं होतं त्यांना कळाया पाहिजे,” म्हणायचे. दिंडोरीला माझ्या चुलतभावाची द्राक्षाची बाग आहे, बागेला लागून माल भरायची पत्र्याची मोठी शेड. हंगाम संपला की ती मोकळी असते. तो म्हणाला, “काका, शेड तुमची. दारं लावली की भर दुपारी अंधार.” एप्रिलच्या शेवटच्या रविवारी दुपारी चार वाजता खेळ ठरला. जिन्याचा पिक्चर मी आधीच उतरवून ठेवला. भावाने भाड्याने प्रोजेक्टर आणला, पांढरी ताडपत्री ताणली, बसायला प्लास्टिकचे क्रेट उलटे मांडले.

मला वाटलं होतं वीस-पंचवीस माणसं येतील. वणीहूनच दोन जीप भरून आल्या, सगळी साठीच्या पुढची, तंबूत बसलेली. बागेवर कामाला असलेली हरसूलकडची चार-पाच कुटुंबं गावी परतायच्या बेतात होती, तीही थांबली. एका कोपऱ्यात स्टँडवर माझा फोन, आणि फोनमध्ये पाव्हणे आणि त्यांची मुलगी, आमच्याकडे बघत.

आप्पांनी माइक हातात घेतला. पहिला शब्द उमटेपर्यंत मला भीतीच वाटत होती. पण पडदा उजळला आणि त्यांचा आवाज असा सुटला की जणू कालच तंबू उतरवला होता. पाव्हण्यांची पहिली एन्ट्री झाली तेव्हा शेडचा पत्रा हादरला. फोनमध्ये मी बघितलं, म्हातारा दोन्ही हात डोक्यावर ठेवून बसला होता.

आणि जिना आला. पाव्हणे वरच्या पायरीवर पोचले, नायक पुढे सरकला, आणि लाइट गेली.

पूर्ण काळोख. मग एकच ओरडा. भावाने धावत जाऊन दारं उघडली, उन्हाचा पट्टा आत आला. वायरमनला फोन लावला तर तो म्हणाला, अर्धा तास. माणसं उठायला लागली. आप्पा माइक धरून तसेच उभे. माइकचा डबा बॅटरीवर चालणारा होता, एवढंच काय ते सुदैव.

फोनमधून मुलीने विचारलं, काय झालं? मी सांगितलं. म्हातारा खदखदून हसला, काही तरी म्हणाला आणि पडद्याबाहेर गेला. परत आला तो पुस्तकांची चळत घेऊन. ती त्याने टेबलावर पायऱ्या-पायऱ्यांनी रचली. मग उजव्या हाताची दोन बोटं वरच्या पुस्तकावर उभी केली आणि डाव्या हाताची दोन त्यांच्या समोर.

मला कळेना. आप्पांना मात्र क्षणात कळलं. “अहो थांबा! बसा खाली! पाव्हणे स्वतः दाखवतायत!”

मी फोन उचलून उंच धरला. सगळे कोंडाळं करून आले, लहान पोरांना पुढे केलं, एका आजीला क्रेटवर उभं केलं. त्या वीतभर पडद्यावर चार बोटं भांडत होती. आप्पा माइकवर: “हे उजवीकडचे पाव्हणे. आणि हे डावीकडचे, हे बी पाव्हणेच! आता खुद्द त्यांनीच कबूल केलंय, मंडळी! मी खोटं बोललो नव्हतो!” उजव्या बोटांनी डाव्या बोटांना धक्का दिला. बोटं गडगडत निघाली, पुस्तकामागून पुस्तक, गुडघा वळावा तशी वळत, आणि टेबलावर येऊन एक बोट वर करून पडली. आणि शेडमध्ये शिट्ट्या. अशा शिट्ट्या की फोनमधल्या मुलीने कानांवर हात ठेवले.

हरसूलकडची एक बाई, माझ्याच वयाची, माझ्या शेजारी उभी होती. म्हणाली, “आन पुन्हा पाडा म्हना त्यांना.” त्यांनी पुन्हा पाडलं. तीनदा पाडलं. मग लाइट आली, खरा जिना सगळ्यांनी बघितला, आणि पाव्हणे खाली आपटले तेव्हा माणसं उभी राहून ओरडत होती, “डावा हात! डावा हात!”

परतताना गाडीत आप्पांचा घसा पूर्ण बसला होता. त्यांना बोलता येत नव्हतं, म्हणून ते नुसते हसत होते. आई म्हणाली, “चाळीस वर्षांत पहिल्यांदा गप्प बसलेत.”

महिन्याभराने त्यांच्या मुलीने एका कागदाचा फोटो पाठवला. वडिलांनी स्वतःच्या हाताने आठवेल तितक्या पिक्चरची यादी केली होती. आमच्या वहीत होते त्याच्या दुप्पट. जिन्याच्या पिक्चरपुढे त्यांनी दोन ओळी लिहिल्यात, असं तिने कळवलं. एक भूमिकेची आणि एक पडण्याची. आता आम्ही ती यादी घेऊन बसतो. बरेचसे कुठे सापडत नाहीत, काही सापडतात.

परवा शाळेत बैठक होती, मला यायला उशीर झाला. दार उघडलं तर आतून दोन आवाज. आप्पांनी फोन साखरेच्या डब्याला टेकवून ठेवला होता. आप्पा मराठीत बोलत होते आणि पाव्हणे त्यांच्या भाषेत. मुलगी नव्हती, मी नव्हते. विषय काय होता देव जाणे. आप्पांनी मला बघितलं आणि हातानेच खूण केली, जा, चहा टाक, आमचं चाललंय.